साडेसात म्हणजे हाल्ब आख्ट : कुडाळात राहून जर्मन ए१

जानेवारी २०२५ मध्ये मी जर्मनची ए१ परीक्षा दिली आणि पास झाले. मी कुडाळला एका खासगी हॉस्पिटलात स्टाफ नर्स आहे. आमच्याकडच्या बऱ्याच मुली सध्या जर्मनीत नर्सिंगला जायचा विचार करतायत, आणि त्यातल्या दोघीतिघी रोज मला काही ना काही विचारतात. सगळ्यांचे प्रश्न फिरून दोनच ठिकाणी येतात : घड्याळ कसं सांगायचं आणि काळ कसे लावायचे. बाकीचं सगळं पाठ करता येतं, या दोन गोष्टी मात्र डोक्यात बसाव्या लागतात. म्हणून सुरुवातीपासून जे जसं झालं ते लिहितेय. जर्मन शब्द देवनागरीत लिहिलेत, तेव्हा उच्चार जवळपासचे समजा आणि प्रत्येक शब्द एकदा कानांनी ऐकून घ्या.

जून २०२४ मध्ये ठरवलं. वय एकतीस, घरी आई-बाबा, धाकट्या भावाचं शिक्षण चालू. जर्मनीत परिचारिका म्हणून नोंदणी करायची तर बहुतेक राज्यांत बी२, म्हणजे चौथ्या पायरीपर्यंत भाषा लागते. ए१ ही त्यातली पहिली पायरी. पुढचा एवढा रस्ता बघून छातीत धडकी भरायची. एका एजंटने भाषेपासून व्हिसापर्यंत सगळ्याचे मिळून मोठी रक्कम आगाऊ मागितली. बाबा म्हणाले, "आधी भाषा शीक, मग पैसे खयं घालूचे ता बघू." हाच सल्ला मी पुढे सगळ्यांना देते.

पहिलं काम केलं ते पासपोर्टचं. परीक्षेच्या दिवशी ओळख म्हणून मूळ पासपोर्ट दाखवावा लागतो आणि प्रमाणपत्रावर नाव त्याप्रमाणेच येतं. साध्या ३६ पानी पासपोर्टची फी १५०० रुपये. पोलीस पडताळणीसकट सगळं व्हायला पावसाळ्याचा बराचसा भाग गेला. लग्नानंतर नाव बदललेल्या मैत्रिणींनी आधार, नर्सिंग कौन्सिलची नोंदणी आणि पासपोर्ट, तिन्हींवर एकच नाव आहे ना, हे आधी बघावं. पुढे कागद जर्मनीत तपासले जातात तेव्हा स्पेलिंगमधल्या एका अक्षरावरूनही खुलासे द्यावे लागतात.

क्लास ऑनलाइन घेतला. आमच्या मॅडम मूळच्या पुण्याच्या, आता जर्मनीत राहतात. फी १४ हजार, दोन हप्त्यांत. पाठ्यपुस्तक आणि वर्कबुक धरून आणखी हजारेक. क्लासची वेळ त्यांच्या दुपारच्या चारची, म्हणजे आपल्या संध्याकाळी साडेसातची. उन्हाळ्यात जर्मनी आपल्यापेक्षा साडेतीन तास मागे असते. पहिल्याच आठवड्यात मॅडमनी ग्रुपवर जर्मनमध्ये लिहिलं : उद्या भारतातल्या वेळेने "उम हाल्ब आख्ट" भेटू. हाल्ब म्हणजे अर्धा, आख्ट म्हणजे आठ. वर्गातली तीनचार जणं दुसऱ्या दिवशी साडेआठला हजर झाली, तोवर तास संपत आला होता. मॅडम कोणालाही ओरडल्या नाहीत. त्या दिवसाचं व्याकरण त्यांनी बाजूला ठेवलं आणि उरलेला वेळ फक्त घड्याळ घेतलं.

हाल्ब आख्ट म्हणजे साडेसात. आठव्या तासातला अर्धा भाग झाला, अशी ती मोजणी. वर्गात इंग्रजीतून समजावताना हे सगळ्यांना उलटं वाटत होतं, कारण इंग्रजीत अर्धा तास सरलेल्या तासाला जोडतात. मला ते मराठीतून सोपं गेलं. आपण पावणेआठ म्हणतो तेव्हा सात वाजून गेलेले असले तरी नाव आठाचंच घेतो. जर्मन माणूस तेच अर्ध्या तासालाही करतो, एवढाच फरक. आणि आपल्या अडीचमध्येही तेच आहे. अडीच हा शब्द मुळात 'अर्धतृतीय', म्हणजे तिसऱ्यातलं अर्धं. हाल्ब द्राय म्हणजे तिसऱ्यातलं अर्धं, अडीच वाजले. हे कळल्यावर मी घड्याळासाठी इंग्रजीचा आधार सोडून दिला.

बाकीचं घड्याळ असं. सव्वासात म्हणजे फिअर्टेल नाख झीबेन, पावणेआठ म्हणजे फिअर्टेल फोर आख्ट. नाख म्हणजे नंतर, फोर म्हणजे आधी. सात वाजून दहा मिनिटं, त्सेन नाख झीबेन. आठाला दहा कमी, त्सेन फोर आख्ट. अवघड जागा साडेच्या दोन्ही बाजूंना असते. सात पंचवीसला ते म्हणतात फ्युन्फ फोर हाल्ब आख्ट, साडेसाताला पाच कमी. सात पस्तीसला फ्युन्फ नाख हाल्ब आख्ट, साडेसात होऊन पाच. म्हणजे तिथे साडेसात हा मधला मुक्काम आहे, आणि आजूबाजूची मिनिटं त्याच्यापासून मोजायची. एक माहिती म्हणून : जर्मनीच्या पूर्वेकडे आणि दक्षिणेकडे काही भागांत सव्वासातला "फिअर्टेल आख्ट" आणि पावणेआठला "द्राय फिअर्टेल आख्ट" असंही बोलतात. ए१ ला ते बोलायची गरज नाही, पण ज्यांना तिकडच्या राज्यात नोकरी मिळेल त्यांनी कानावर असू द्यावं.

हे झालं बोलण्यातलं घड्याळ. स्टेशन, दवाखाना, टीव्ही, सरकारी कचेरी इथे चोवीस तासांचं घड्याळ चालतं आणि ते सरळ आहे : साडेसात संध्याकाळचे म्हणजे नॉइन्त्सेन उअर द्रायसिश. नर्सला याची सवय असतेच. आमच्या चार्टवर औषधाची वेळ १४:३० किंवा ०२:०० अशीच लिहितात. मी तेव्हापासून नर्सिंग स्टेशनवरच्या घड्याळाकडे मान वळली की दोन्ही तऱ्हांनी वेळ मनात म्हणायचे. रात्री दोनचं बीपी लिहिताना एकदा चार्टासाठी आणि एकदा बोलण्यासाठी. ड्युटीत वेगळा वेळ काढावा लागत नाही आणि आकडे तोंडात बसतात.

आकड्यांविषयी मराठी माणसाने अजिबात घाबरू नये. जर्मनमध्ये एकक आधी, दशक नंतर. बेचाळीस म्हणजे त्स्वायउन्टफिअर्त्सिश, दोन आणि चाळीस. आपणही बेचाळीसमध्ये आधी 'बे' म्हणतो. फक्त एकोणतीस, एकोणचाळीस यांना आपण पुढच्या दशकाकडून येतो, ते सरळ नऊ आणि वीस, नऊ आणि तीस म्हणतात. ऐकून लिहिताना मात्र आधी दशकाची जागा मोकळी सोडा. फोन नंबर कानावर पडतो तेव्हा हा सराव कामाला येतो.

आमच्या घरी घड्याळाचा सराव बाबांनी घेतला. बाबा एसटीत कंडक्टर होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पण डेपोतल्या गाड्यांच्या वेळा अजून तोंडपाठ. संध्याकाळी पडवीत बसून ते एकेक गाडी सांगायचे आणि मी जर्मनमध्ये उत्तर द्यायचे.

"पावणेसहाची सावंतवाडी."

"फिअर्टेल फोर झेक्स."

"अडीचची मालवण. सांग मगे."

"हाल्ब द्राय."

"सात पस्तीसची कणकवली."

इथे मी बोटांवर एक क्षण थांबायचे, आणि बाबा तोवर पुढची गाडी सोडायचे नाहीत. गणपतीपर्यंत त्यांनाही हाल्ब आणि फिअर्टेल यायला लागलं होतं. ७ सप्टेंबरला चतुर्थी होती, घरात पाहुणे, दीड दिवसाचा गणपती, आरत्या, उकडीचे मोदक. त्या दिवसांत पुस्तक उघडलं नाही, पण चुलत भावंडांना सगळ्यांना घड्याळ शिकवून झालं. शिकलेलं दुसऱ्याला सांगताना ते पक्कं होतं, हा अनुभव मला तिथे आला.

एक बारीक गोष्ट, जी पुस्तकात आहे पण नजरेतून सुटते. उअर म्हणजे 'वाजता', श्टुंडे म्हणजे 'तास'. द्राय उअर, तीन वाजता. द्राय श्टुंडेन, तीन तास. वेळेच्या आधी 'उम' येतं, वाराच्या आधी 'आम', महिन्याच्या आधी 'इम', आणि अमुक ते तमुक म्हणायला 'फोन... बिस'. आठ ते दोनची मॉर्निंग म्हणजे फोन आख्ट बिस फिअर्त्सेन उअर. हे चार शब्द आपल्या आठवड्याच्या ड्युटी चार्टवर लावून बघा. खोटी वाक्यं बनवावी लागत नाहीत.

सप्टेंबरच्या शेवटी काळ सुरू झाले. वर्तमानकाळाला ते प्रेझेन्स म्हणतात आणि तो आपल्याला फार जवळचा आहे. 'मी काम करते' आणि 'मी काम करतेय' दोन्हींना जर्मनमध्ये एकच, इश आर्बाइटे. ज्यांच्या डोक्यात इंग्रजी आधी येतं ते मध्ये 'आहे' घालायला बघतात, ते घालायचं नसतं. भविष्यकाळही बहुतेक वेळा याच रूपाने चालतो, फक्त वेळेचा शब्द सोबत हवा. 'उद्या मी मुंबईला जाते' असं आपण म्हणतोच ना? मॉर्गेन फारे इश नाख मुंबई. ए१ साठी भविष्याचं वेगळं रूप शिकत बसू नका.

अडचण क्रियापदाच्या जागेची. मराठीत ते शेवटी, जर्मनमध्ये साध्या वाक्यात दुसऱ्या जागी. वाक्य वेळेने सुरू झालं तर कर्ता मागे सरकतो : हॉइटे आर्बाइटे इश, आज काम करते मी. मॅडमनी सांगितलेला क्रम मी वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवला होता, 'वेळ, क्रियापद, मग मी'. आणि काही क्रियापदं दोन तुकड्यांची असतात. आउफश्टेएन म्हणजे उठणे. इश श्टेहे उम फ्युन्फ उअर आउफ, मी पाचला उठते. 'आउफ' पार शेवटी जातं. वाक्याच्या शेवटापर्यंत थांबायची सवय मराठी माणसाला असते, त्यामुळे ऐकताना हे जड जात नाही. बोलताना मात्र तो शेवटचा तुकडा राहून जातो की काय अशी धास्ती मला शेवटपर्यंत होती.

मग भूतकाळ. बोलण्यात चालतो तो पेर्फेक्ट. त्यात 'हाबेन' (जवळ असणे) किंवा 'झाइन' (असणे) यांपैकी एक मदतीला घ्यायचं आणि मुख्य क्रियापदाचं बदललेलं रूप वाक्याच्या शेवटी न्यायचं. इश हाबे गेआर्बाइटेट, मी काम केलं. इश बिन गेफारेन, मी गेले (गाडीने). कोणाला हाबेन आणि कोणाला झाइन, हा प्रश्न जवळजवळ प्रत्येकाला छळतो. पुस्तकातला नियम असा : जागा बदलणारी आणि अवस्था बदलणारी क्रियापदं झाइन घेतात, शिवाय असणे आणि थांबून राहणे हीसुद्धा. बाकी सगळी हाबेन.

नाइटला निवांत वेळ मिळाला तेव्हा मी पुस्तकातली क्रियापदं मराठीत लिहून काढली आणि प्रत्येकापुढे 'ती' किंवा 'तिने' लावून बघितलं. तिने खाल्लं, तिने लिहिलं, तिने विकत घेतलं, तिने काम केलं : सगळी हाबेनची. ती गेली, ती आली, ती उठली, ती पडली : सगळी झाइनची. म्हणजे मराठीत 'ने' लागला की बहुतेक वेळा हाबेन. उलट बाजूने मात्र हे चालत नाही. ती झोपली, ती हसली, ती बोलली, ती विसरली, यांना 'ने' नाही, पण जर्मनमध्ये हाबेन आहे. तिथे थांबून विचारायचं, जागा बदलली का, अवस्था बदलली का? झोपण्यात जागा बदलत नाही, म्हणून गेश्लाफेनला हाबेन. पण झोप लागली म्हणायचं असेल तर जागेपणातून झोपेत गेलो, अवस्था बदलली, आइनगेश्लाफेनला झाइन. 'राहणे'चे दोन भाग करावे लागतात : घर करून राहणे, वोनेन, हाबेन घेतं, थांबून राहणे, ब्लाइबेन, झाइन घेतं. आणि 'तिने उडी मारली' हा सरळ अपवाद, तिथे 'ने' असूनही झाइन. मी ही यादी मॅडमना दाखवली. त्यांनी ती वर्गात सगळ्यांना वाचून दाखवली आणि म्हणाल्या, "अपवाद लाल शाईने लिहा, पण पद्धत ठेवा." मराठी माध्यमातून शिकलेल्या मुलींना मी हेच सांगते. आपलं व्याकरण आपल्याला जन्मापासून येतं, ते बाजूला ठेवून इंग्रजीच्या वाटेने जर्मनकडे जायची गरज नाही.

'होते' आणि 'माझ्याकडे होतं' यांना पेर्फेक्ट सहसा वापरत नाहीत. इश वार, इश हाट्टे, एवढी दोन रूपं पाठ करा. गेस्टर्न हाट्टे इश नाख्टडीन्स्ट, काल माझी नाइट होती. नर्सचं अर्धं बोलणं या एका वाक्यात येतं. मी ऑक्टोबरपासून रोज ड्युटी संपल्यावर आमच्या ओव्हरसारखी (पाळी बदलताना पुढच्या नर्सला देतो ती माहिती) तीन वाक्यं लिहायचे : काय केलं, आता काय चाललंय, पुढच्या पाळीत काय करायचंय. तिन्ही काळ आपोआप येतात. पेशंटचं नाव, आजार काही लिहायचं नाही, ते आपल्या वहीत येता कामा नये.

२७ ऑक्टोबरला, म्हणजे महिन्याच्या शेवटच्या रविवारी, जर्मनीतली घड्याळं तासभर मागे गेली. फरक साडेचार तासांचा झाला आणि आमचा क्लास साडेआठला, हाल्ब नॉइन, सुरू व्हायला लागला. ज्यांचा शिक्षक तिकडे आहे त्यांनी मार्च आणि ऑक्टोबरचे शेवटचे रविवार कॅलेंडरवर आधीच खुणावून ठेवावेत आणि ड्युट्या त्याप्रमाणे मागून घ्याव्यात. माझ्या इव्हिनिंग ड्युट्या बदलून देणाऱ्या सीनियर सिस्टरांचे उपकार मी विसरणार नाही. पावसात वीज जायची तेव्हा फोनच्या डेटावर आणि पॉवरबँकवर तास काढले. पॉवरबँक हा या सगळ्या खर्चातला सर्वांत उपयोगी खर्च.

परीक्षेची जागा मिळवणं हा वेगळाच ताण. परीक्षा घेते गोएथे इन्स्टिट्यूट, म्हणजे आपल्याकडचं माक्स म्युलर भवन. आपल्याला जवळची केंद्रं मुंबई आणि पुणे. नोंदणी ऑनलाइन, आधी त्यांच्या साइटवर खातं उघडून ठेवायचं, पासपोर्टची माहिती जवळ ठेवायची. जागा उघडल्या की पटापट भरतात. त्या दिवशी मी रजा टाकून भावाबरोबर दोन फोन घेऊन बसले होते. बाहेरून बसणाऱ्यांची फी त्यांच्या विद्यार्थ्यांपेक्षा जास्त असते आणि ती बदलत असते, तेव्हा ताजा आकडा साइटवरच बघा. क्लास सोडला तर माझ्या खर्चातली ती सर्वांत मोठी रक्कम होती.

तयारीसाठी गोएथेच्या साइटवरचे नमुना पेपर फुकट आहेत, ऑडिओसकट. डॉइचे वेले या जर्मन प्रसारण संस्थेचा नवशिक्यांचा कोर्सही फुकट आहे. परीक्षेचं स्वरूप : ऐकणं साधारण २० मिनिटं, वाचणं २५, लिहिणं २०, आणि गटात बोलणं १५ मिनिटं. १०० पैकी ६० गुण लागतात. ऐकण्याचा पहिला आणि तिसरा भाग दोनदा ऐकवतात, मधला, जिथे स्टेशन किंवा दुकानातल्या घोषणा असतात, तो एकदाच. तिथे वेळ चुकली की परत मिळत नाही, म्हणून चोवीस तासांचे आकडे डोळे मिटून ओळखता आले पाहिजेत. मी कुडाळ स्टेशनवर कोणाला सोडायला गेले की घोषणेतली प्रत्येक वेळ जर्मनमध्ये करून बघायचे.

जानेवारीच्या चौथ्या आठवड्यात परीक्षा. आदल्या रात्री कोकणकन्या पकडली, स्लीपरचं तिकीट चारशेच्या आसपास, पहाटे सीएसएमटी. सोबत आई होती. स्टेशनच्या प्रतीक्षालयात तोंड धुऊन, डब्यातल्या घावन्या खाऊन काळा घोड्यापर्यंत चालत गेलो. जहांगीर आर्ट गॅलरीच्या शेजारच्या रस्त्यावरच ते भवन आहे. आई बाहेर थांबली. पोट ढवळत होतं, पण आत सगळे आपल्यासारखेच होते : नवऱ्याकडे जाणाऱ्या मुली, इंजिनिअर, माझ्यासारख्या नर्सेस. मोबाइल आणि घड्याळ बाहेर ठेवावं लागलं.

लेखी आधी झाली, बोलणं नंतर. बोलण्यात आधी स्वतःची ओळख, मग एखादं नाव अक्षरांनी सांगणं आणि एखादा नंबर. मग कार्डावरच्या शब्दावरून शेजारच्याला प्रश्न विचारायचा आणि त्याच्या प्रश्नाला उत्तर द्यायचं. 'उम वी फील उअर', किती वाजता, हा प्रश्न जेवण, काम, प्रवास, सुट्टी कुठल्याही विषयावर चालतो, तो जिभेच्या टोकावर ठेवा. परीक्षक हसतमुख होत्या आणि अडखळलं तरी थांबत होत्या. पत्राच्या भागात साधारण ३० शब्द लिहायचे असतात आणि तीन मुद्दे दिलेले असतात. तिन्हींवर एकेक वाक्य तरी हवंच, सुंदर लिहिण्यापेक्षा ते महत्त्वाचं.

निकाल दोनेक आठवड्यांनी आला. ओपीडीत गर्दी होती, म्हणून फोन खिशातच ठेवला आणि ड्युटी संपल्यावर पायऱ्यांवर बसून उघडला. ८१. सर्वांत कमी ऐकण्यात, सर्वांत जास्त बोलण्यात. बाबांना फोन केला तर ते म्हणाले, "ए२ कधीपासून?"

मार्चपासून ए२ चालू आहे. त्यात 'करायचं होतं', 'येत नव्हतं' अशी भूतकाळाची रूपं आलीत आणि पेर्फेक्टवर भर आणखी वाढलाय, त्यामुळे ए१ ला हाबेन-झाइनची वही नीट केली असेल तर ती टाकू नका. ज्यांना या पावसाळ्यात सुरुवात करायचीय त्यांनी पासपोर्टचा अर्ज आणि क्लासचा पहिला हप्ता एकाच महिन्यात भरावा. पासपोर्ट हातात येईपर्यंत घड्याळ आणि काळ दोन्ही शिकून होतात आणि परीक्षेच्या जागा उघडतील तेव्हा तुम्ही तयार असता.